लांबच्या प्रवासाची फिल्म: गोव्याहून एकटीने निघणाऱ्या नवख्या मैत्रिणींसाठी

गोव्यात वाढलेल्या माणसाला न मागता कॅमेऱ्यासमोर राहायची सवय होते. फोंताइन्हासमध्ये कुणाच्या तरी दारातल्या पायऱ्यांवर फोटोसाठी बसलेली जोडपी, पर्रेच्या माडांच्या रस्त्यावर गाडी आडवी घालून चाललेले रील, शिरगावच्या जत्रेत धोंडांच्या, म्हणजे लईराईच्या व्रतस्थ भक्तांच्या, तोंडाशी नेलेले फोन. हे सगळे आपण बघत आलो आहोत, आणि त्यातून झालेले व्हिडिओ बघून ‘हा कुठला गोवा?’ असे मनाशी म्हणतही आलो आहोत. त्यामुळे लांबच्या प्रवासावर फिल्म करायला निघालेल्या इथल्या मुलीकडे एक गोष्ट आयतीच असते. दुसऱ्याच्या चौकटीत सापडलेल्या माणसाला काय वाटते, हे तिला माहीत असते. खालचा तांत्रिक भाग तुम्ही कुठेही शिकाल. ही जाणीव मात्र प्रत्येक पायरीवर वापरायची आहे, म्हणून आधी सांगितली.

तुमच्याकडे बरा फोन आहे, एडिटिंग शिकायची तयारी आहे आणि कामातून महिनाभर रजा निघू शकते, असे मी धरून चालते. नोकरी सोडून निघायची गरज नाही. पहिल्या फिल्मसाठी तर मुळीच सोडू नका.

पहिली पायरी: धागा

‘मला वेगवेगळ्या संस्कृती दाखवायच्या आहेत’ हे वाक्य अर्जात छान दिसते, पण सकाळी सहाला अनोळखी गावात उठल्यावर कॅमेरा कुठे रोखायचा, हे त्यातून कळत नाही. त्यापेक्षा हातात मावेल अशी एखादी वस्तू किंवा एखादे काम निवडा. ते तुमच्या घराजवळ असावे आणि वाटेवरच्या प्रत्येक मुक्कामी वेगळ्या रूपात भेटावे.

उदाहरण म्हणून मीठ घेऊ. पेडण्यात आगरवाड्याला मिठागरे आहेत. पावसाळा सरला की बांध दुरुस्त करतात, वाफे नीट करतात आणि उन्हाळ्यात मीठ ओढतात. तिथून कच्छच्या छोट्या रणात जा. अगरिया कुटुंबे पाऊस संपल्यावर रणात मुक्काम हलवतात, जमिनीखालचे खारे पाणी उपसून वाफ्यांत सोडतात आणि पुढचा पाऊस येईपर्यंत तिथेच राहतात. पुढे राजस्थानातले सांभर सरोवर. त्याहून वर लडाखमध्ये त्सो कार हे सरोवर, जिथले मीठ चांगपा पशुपालक एके काळी मेंढ्या-बकऱ्यांच्या पाठीवर लादून व्यापाराला नेत. पासपोर्ट आणि पैसे दोन्ही असले तर पोर्तुगालमधले आवेरू, तिथेही हाताने मीठ ओढतात. या सगळ्या ठिकाणी तुम्ही तेच दोन प्रश्न विचारू शकता: भाव काय मिळतो किंवा मिळायचा, आणि मुले हेच काम करणार का? भाषा, कपडे, देव, जेवण हे सगळे त्या उत्तरांच्या आजूबाजूने आपोआप चौकटीत येते. मुद्दाम ‘संस्कृती’ शोधत फिरावे लागत नाही.

धागा ठरला की नकाशाच्या आधी ऋतू बघा. जूनमध्ये कच्छला गेलात तर रणात पाणी भरू लागलेले असेल आणि अगरिया परतलेले असतील. मासळीवर फिल्म करणार असाल तर पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद असते, ट्रॉलर जेटीला बांधलेले असतात. तोच तुमचा विषय असेल तर उत्तम, नाहीतर दोन महिने रिकाम्या बोटी चित्रित करत बसाल. प्रवासाचा क्रम कामाच्या हंगामावर बसवा. तिकिटे स्वस्त आहेत म्हणून तारीख ठरवू नका.

शिवाय एक वाक्य लिहून ठेवा: या धाग्याशी माझा संबंध काय? तो मोठा असायला हवा असे नाही. पावसाळ्याच्या आधी घरी वर्षाचे जाडे मीठ कोण भरून ठेवायचे, एवढाही पुरतो. फिल्ममध्ये तुम्ही स्वतः दिसणार असाल तर का दिसता, याचे उत्तर या वाक्यात असते. ते सापडत नसेल तर स्वतःला फिल्ममधून वगळा. त्यात कमीपणा काही नाही.

दुसरी पायरी: घरातल्या घरात रंगीत तालीम

लांब जाण्याआधी गोव्यातच एक दिवसाची फिल्म करा. रायबंदरहून फेरीने चोडणला जा, तिथे दिवस काढा, संध्याकाळी परत या, आणि त्या दिवसाची पाच मिनिटांची फिल्म आठवड्याच्या आत पूर्ण करा. नियम एवढाच की तुम्हाला ओळखणाऱ्या कुणाला त्यात घ्यायचे नाही. अनोळखी माणसाशी बोलायचे, परवानगी घ्यायची, त्याचा आवाज नीट ध्वनिमुद्रित करायचा आणि तयार फिल्म त्याला नेऊन दाखवायची.

शेवटचा भाग बहुतेक जण गाळतात. गाळू नका. फिल्म बघताना तो माणूस कुठे हसतो, कुठे ओशाळतो, कुठे ‘हे कशाला घातलंत?’ म्हणतो, हे बघणे म्हणजे अर्धे शिक्षण आहे.

दुसरी तालीम राज्याच्या सीमेपलीकडची. मडगावहून कोकण रेल्वेने उत्तरेला रत्नागिरी किंवा दक्षिणेला कारवार-उडुपी. नाहीतर कदंबच्या बसने चोर्ल्याच्या घाटातून बेळगाव. दोन रात्रींचा मुक्काम ठेवा. इथे फिल्मपेक्षा स्वतःची परीक्षा असते. पाठीवरचे ओझे झेपते का, रात्री थकून आल्यावर कार्ड रिकामे करण्याइतकी शिस्त राहते का, एकटीने जेवताना कंटाळा येतो का. कारवारपर्यंत कोकणी पुरते, बेळगावात मराठी चालते. त्यामुळे भाषेची अडचण न येता बाकीच्या अडचणी कळतात.

तिसरी पायरी: सामान

नवखी माणसे सगळे पैसे कॅमेऱ्यावर घालतात. माझे मत उलटे आहे. आधी आवाज, मग साठवण, मग कॅमेरा. थोडे अंधुक चित्र लोक सहन करतात, पण वाऱ्याच्या घोंगावण्यात हरवलेले बोलणे कुणी ऐकत नाही. एक वायरलेस कॉलर माइकची जोडी घ्या आणि त्यावर केसाळ वारारोधक बोंडे नेहमी लावून ठेवा. समुद्रकिनारा, रण आणि पठार या तिन्ही ठिकाणी वाराच असतो. प्रत्येक ठिकाणी काही न बोलता त्या जागेचा नुसता आवाज अर्धा-एक मिनिट ध्वनिमुद्रित करा. एडिटिंगमध्ये दोन वाक्यांमधली भगदाडे त्यानेच बुजवता येतात.

फोनवर चित्रीकरण करणार असाल तर दोन गोष्टी ठरवून टाका. सेकंदाला २५ चित्रे आणि शटर, म्हणजे प्रत्येक चित्रावर प्रकाश पडण्याचा वेळ, १/५० सेकंद. भारतात वीज ५० हर्ट्झची आहे. वेगळा वेग ठेवलात तर ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकते. अमेरिका, दक्षिण कोरिया किंवा सौदी अरेबियात वीज ६० हर्ट्झची असते, तिथे शटर १/६० करा. फोनचा मूळ कॅमेरा चित्रांचा वेग स्वतःच्या मर्जीने कमी-जास्त करतो आणि मग वेगळा ध्वनिमुद्रित केलेला आवाज हळूहळू सरकतो. वेग बांधून ठेवणारे एखादे कॅमेरा अ‍ॅप वापरा. भर उन्हात १/५० वर चित्र पांढरे पडते, म्हणून एनडी फिल्टर हवाच. तो काचेला लावलेला गॉगल समजा.

गोव्याच्या पावसाळ्यात लेन्सवर बुरशी चढते, हे इथल्या लग्नांच्या फोटोग्राफरना विचारा. घट्ट झाकणाचा डबा, त्यात सिलिका जेल आणि एक छोटा आर्द्रतामापक. आर्द्रता चाळीस ते पन्नास टक्क्यांच्या दरम्यान राहिली म्हणजे झाले. कातडी केसमध्ये लेन्स ठेवून कपाटात बंद करू नका.

थंडीत बॅटरी लवकर उतरते. त्सो कार साडेचार हजार मीटरच्या आसपास आहे. तिथे जादा बॅटऱ्या जाकिटाच्या आतल्या खिशात, अंगाच्या उबेत ठेवा. थंडीतून उबदार खोलीत येताना कॅमेरा आधी प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बंद करा आणि तो खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नका, नाहीतर आत पाणी धरते. एसी गाडीतून उतरून थेट मडगावच्या फलाटावर चित्रीकरण सुरू करणाऱ्यांनाही हेच लागू.

पॉवर बँक आणि सुट्या लिथियम बॅटऱ्या विमानात हातातल्या बॅगेतच न्यायच्या, खाली द्यायच्या सामानात नाही. १०० वॉट-तासांपर्यंत सहसा अडचण येत नाही. २०,००० एमएएचची पॉवर बँक साधारण ७४ वॉट-तासांची असते.

ड्रोनबद्दल माझे मत स्पष्ट आहे: पहिल्या फिल्मला नको. वरून दिसणारे मिठागर सुंदर असते आणि वरून दिसणारा माणूस ठिपका असतो. ज्यांना हट्टच आहे त्यांनी ड्रोन नियम २०२१ वाचावेत आणि सरकारच्या डिजिटल स्काय या संकेतस्थळावरच्या नकाशात आपला भाग लाल (बंदीचा), पिवळा (परवानगीचा) की हिरवा (मोकळा) ते बघावे. दाबोळी हा नौदलाचा हवाई तळ आहे आणि उत्तरेला मोपाचा विमानतळ, त्यामुळे आपल्या एवढ्याशा राज्याचा बराचसा भाग निर्बंधात येतो. मोरोक्कोसारख्या काही देशांत तर पर्यटकाला ड्रोन आणताच येत नाही, तो विमानतळावरच ठेवून घेतात.

चौथी पायरी: कागद

हा भाग कंटाळवाणा आहे, पण फिल्म बहुतेक वेळा इथेच अडते.

देशातच फिरणार असाल तर अरुणाचल प्रदेश, नागालँड, मिझोराम आणि मणिपूर इथे जाण्यासाठी आपल्यालाही इनर लाइन परमिट लागते. अंदमानात जारवा आदिवासींचे चित्रीकरण करणे हा गुन्हा आहे. ‘सगळेच काढतात’ हे उत्तर तिथे चालत नाही आणि चालूही नये. पुरातत्त्व खात्याच्या स्मारकांत फोनने काढलेल्या फोटोला सहसा कुणी हरकत घेत नाही, पण ट्रायपॉड उघडला की परवानगी विचारतात. जुन्या गोव्यातही हाच अनुभव येईल. बंदरे, नौदलाच्या जागा, विमानतळ, धरणे इथे कॅमेरा बॅगेत. गोव्यातच रीतसर चित्रीकरण करायचे असेल तर एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवाकडे अर्ज करावा लागतो. पणजीत जुन्या जीएमसीच्या (गोवा मेडिकल कॉलेजच्या) आवारात त्यांचे कार्यालय आहे, तिथे जाऊन विचारलेले बरे.

लडाखला जाणार असाल तर बाहेरच्या राज्यांतले प्रीपेड सिम तिथे चालत नाही, पोस्टपेड घेऊन जा. लेहला विमानाने उतरलात तर पहिले दोन दिवस काही करू नका. चित्रीकरणही नको. विरळ हवेत डोके जड झालेले असताना घेतलेली मुलाखत तशीच येते.

परदेशी जाताना तीन गोष्टी बघा. एक, पर्यटक व्हिसावर व्यावसायिक चित्रीकरण बऱ्याच देशांत चालत नाही. तुम्ही एकट्या, फोन आणि छोटा कॅमेरा घेऊन असाल तर सहसा पर्यटकच समजतात, पण फिल्म विकायचा विचार असेल तर दूतावासाला आधीच लेखी विचारा आणि उत्तर जपून ठेवा. दोन, महाग कॅमेरा घेऊन निघताना विमानतळावर कस्टम्सकडून एक्स्पोर्ट सर्टिफिकेट घ्या. वस्तूचे वर्णन आणि सीरियल नंबर त्यात लिहिलेला असतो. परत येताना ‘हा तिकडे घेतला का?’ या प्रश्नाला तो कागद उत्तर देतो. मुंबईहून उडणार असाल तर हे काम तिथे, आणि त्यासाठी जादा वेळ हाताशी ठेवा. तीन, सामान बरेच असेल तर एटीए कार्ने नावाचा तात्पुरत्या निर्यातीचा दस्तऐवज मिळतो, भारतात तो फिक्की ही उद्योग-व्यापाराची संघटना देते. एका पाठपिशवीच्या फिल्मला त्याची गरज नाही.

परदेशी मैत्रिणींबरोबर फिरताना लक्षात ठेवा की सॅटेलाइट फोन आणि सॅटेलाइट मेसेंजर भारतात विनापरवाना बाळगणे बेकायदेशीर आहे. ट्रेकिंगसाठी सहज वापरायचे यंत्र म्हणून ते घेऊन आलेल्या पाहुण्यांना गोव्याच्या विमानतळावरही अडवले गेले आहे.

पाचवी पायरी: पैसे

थोडक्यात. आठवड्याचा खर्च तालमीच्या प्रवासावरून काढा, त्यात तिसरा हिस्सा वाढवा, आणि परतीच्या तिकिटाचे पैसे वेगळ्या खात्यात ठेवून ते विसरून जा. निधी मिळाल्यावर निघू, असे म्हणणारे बहुधा निघत नाहीत.

या धंद्यातली एक जुनी बाई मला फार आवडते. अलोहा वाँडरवेल नावाची कॅनडात जन्मलेली मुलगी १९२२ मध्ये, सोळा वर्षांची असताना, फोर्डच्या मोटारीतून जग फिरायला निघाली. वाटेत ती चित्रीकरण करी, आणि आधीच्या देशांत काढलेली फिल्म पुढच्या गावात दाखवून, त्यावर व्याख्यान देऊन पेट्रोलचे पैसे उभे करी. आज तुम्हाला गावोगाव तिकीट लावता येणार नाही. पण मुक्कामाच्या गावातल्या शाळेत किंवा वाचनालयात आपली आधीची पाच मिनिटांची फिल्म दाखवली, तर पैसे नसले तरी ओळखी, जेवण आणि दुसऱ्या दिवशी कुणाच्या तरी अंगणात जाण्याची मुभा मिळते. चोडणची ती फिल्म फोनमध्ये तयार ठेवा.

सहावी पायरी: स्वतःला चौकटीत घेणे

एकटीने प्रवास करताना स्वतःचे चित्रीकरण करणे म्हणजे दुप्पट चालणे. ट्रायपॉड लावायचा, पुढे चालत जायचे, कॅमेऱ्याच्या नजरेआड झाल्यावर परत येऊन तो उचलायचा, आणि तोच रस्ता पुन्हा चालायचा. दिवसातून असे दोन-तीनच शॉट घ्या आणि तेही कॅमेरा सतत नजरेत राहील अशा जागी. गजबजलेल्या स्टँडवर ट्रायपॉड सोडून चालत जाण्याचे धाडस करू नका.

चेहरा कॅमेऱ्याकडे करून सतत बोलत राहायची सवयही लावून घेऊ नका. तुमचे हात, पाय, सावली, खिडकीच्या काचेतले प्रतिबिंब, बसच्या सीटवर ठेवलेली पिशवी, हेही तुम्हीच आहात. फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दा यांनी सत्तरी ओलांडल्यावर छोटा डिजिटल कॅमेरा हातात घेतला आणि एका हाताने आपल्याच दुसऱ्या, सुरकुतलेल्या हाताचे चित्रीकरण केले. चेहरा न दाखवताही किती सांगता येते, याचा तो पाठ आहे.

रोज रात्री मात्र चेहऱ्यासमोर किंवा नुसत्या आवाजात दैनंदिनी नोंदवा. भावनांचे मोठे वर्णन नको, कोरडा तपशील हवा. कुठून कुठे आले, भाडे किती दिले, काय खाल्ले, कोण काय म्हणाले, कशाची भीती वाटली. साखवाळचे धर्मानंद कोसंबी १८९९ मध्ये बुद्धाच्या शोधात घराबाहेर पडले आणि पुणे, काशी, नेपाळ करत पुढे सिलोन आणि ब्रह्मदेशापर्यंत पोहोचले. त्यांनी मराठीत लिहून ठेवलेल्या आठवणी आजही वाचवतात. काशीतले अन्नछत्र, पैशाची ओढाताण, वाटेतले आजार हे त्यांत साधेपणाने येते आणि म्हणून त्या माणसावर आपला विश्वास बसतो. तुमची निवेदनाची संहिता पुढे याच दैनंदिनीतून निघणार आहे. घरी येऊन ‘आठवून’ लिहिलेले निवेदन आणि त्या रात्री थकलेल्या आवाजात बोललेले वाक्य यांतला फरक प्रेक्षकाला ऐकू येतो.

सातवी पायरी: दुसऱ्याला चौकटीत घेणे

पहिल्या दिवशी कॅमेरा बाहेर काढू नका. कामाच्या जागी जा, बसा, चहा घ्या, हात लावता येईल अशा कामाला हात लावा. मिठागरात उतरून दाताळे ओढून बघितलेत तर तळपायांना जे कळते ते कोणत्याही मुलाखतीत सापडणार नाही. कुठून आलात असे विचारतील. ‘गोवा’ म्हटले की समोरचा बहुधा बीच आणि दारूवर येतो. चिडू नका. फोनमधली आगरवाड्याच्या मिठागराची क्लिप दाखवा. ‘अरे, तुमच्याकडेही?’ हा प्रश्न आला की पुढचे संभाषण दोन मीठवाल्यांचे होते, पाहुणी आणि नमुना यांचे राहत नाही.

परवानगी कॅमेऱ्यावरच, त्या माणसाच्या भाषेत घ्या. नाव, मी काय करते आहे, ही फिल्म कुठे दाखवली जाईल, इंटरनेटवर आली तर जगात कुणीही बघू शकेल, आणि नको वाटले तर आत्ता किंवा नंतर नाही म्हणता येईल. एवढे सांगून मग ‘चालेल का?’ विचारा. मान डोलावली म्हणजे होकार समजू नका, तोंडाने म्हणू द्या. लहान मुलांसाठी आईवडिलांचा होकार लागतो, आणि तो असला तरी मुलांच्या चेहऱ्यांवर फिल्म उभी करू नका. गरीब मुलाच्या हसऱ्या चेहऱ्याचा क्लोजअप हा प्रवासी फिल्ममधला सर्वांत आळशी शॉट आहे.

देवळे, चर्च, मशिदी, बौद्ध गोंपा सगळीकडे विचारून. आपल्याकडेही गाभाऱ्यात कॅमेरा चालत नाही आणि मांडावर, म्हणजे गावाच्या पवित्र जागेवर, पाहुण्याने कुठे उभे राहायचे याची रीत असते. तशी रीत तिथेही असणार, फक्त तुम्हाला ती दिसत नाही. गावातल्या म्हाताऱ्या बाईला विचारा, ती सांगते.

बाई असल्याचा इथे मोठा फायदा आहे. स्वयंपाकघरे आपल्याला उघडतात. पुरुष बाहेर ओट्यावर भावाबद्दल आणि सरकारबद्दल बोलतात. घर कसे चालते, कर्ज कुणाचे आहे, मुलगी शाळेतून का काढली, हे आत चुलीपाशी कळते. पण चुलीपाशी कळलेले सगळे कॅमेऱ्यासाठी नसते. बोलणे घरच्या विषयावर घसरले की कॅमेरा खाली ठेवा, आणि नंतर विचारा, ‘मघाचे ते पुन्हा सांगाल का, कॅमेऱ्यावर?’ नाही म्हणाली तर विषय संपला.

भाषा येत नसेल तर स्थानिक दुभाषी घ्या, शक्यतो बाई, आणि तिला मोबदला व श्रेय दोन्ही द्या. मुलाखतीत प्रत्येक वाक्याचे भाषांतर करायला लावू नका, बोलणाऱ्याची लय तुटते. प्रश्न आधी दुभाषीला समजावून द्या, माणसाला त्याच्या भाषेत मनसोक्त बोलू द्या, भाषांतर रात्री. समजत नसले तरी बोलणाऱ्याच्या डोळ्यांकडे बघत राहा. तुम्ही फोनच्या पडद्याकडे बघत बसलात तर तो दुभाषीशी बोलू लागतो.

पैसे द्यावेत का? मुलाखतीचे देऊ नका, तुम्हाला आवडेल तेच उत्तर मिळू लागते. पण तुमच्यामुळे कुणाचा अर्धा दिवस खाडा झाला असेल तर त्या दिवसाची मजुरी द्या, आणि ती देणार हे आधी सांगा. फुकटात वेळ घेऊन वर ‘आदरातिथ्य’ म्हणून फिल्ममध्ये कौतुक करणे मला पटत नाही.

आठवी पायरी: एकटीने, सुखरूप

नव्या गावात उजेडी पोहोचा. पहिल्या रात्रीची खोली आधी ठरवलेली असावी, पुढच्या रात्री तिथे विचारून. आज जिथे आहात तिथला व्हिडिओ आज टाकू नका, गाव सोडल्यावर टाका. घरी एका माणसाकडे पूर्ण बेत, कागदांच्या प्रती आणि रोज ठरलेल्या वेळी एक संदेश. तो चुकला तर त्या माणसाने काय करायचे, हेही आधीच ठरवा, नाहीतर आई पहिल्याच दिवशी अख्ख्या वाड्याला कामाला लावील. देशात ११२ आणि रेल्वेत १३९ हे क्रमांक पाठ असू द्या. स्लीपरमध्ये वरचा बर्थ घ्या, कॅमेऱ्याची पिशवी उशाला.

‘एकटीच का? नवरा कुठे?’ हा प्रश्न पेडण्यापासून लेहपर्यंत येणार. मैत्रिणी म्हणतात खरे सांगावे. माझे म्हणणे, समोरच्याला बघून काय ते सांगावे. ‘मागच्या गाडीने येत आहेत’ या वाक्याने कुणाचे नुकसान होत नाही.

आणि एखाद्या जागी मन नाही म्हणाले तर चित्रीकरण अर्धे टाकून निघा. कारण शोधत बसू नका.

नववी पायरी: रात्रीचे काम

शंभर मेगाबिट वेगाने ४के चित्रीकरण केले तर तासाला साधारण ४५ जीबी लागतात. पहिल्या फिल्मला १०८०पी भरपूर झाले, जागा आणि बॅटरी दोन्ही वाचतात. रोज झोपण्याआधी कार्डावरून दोन वेगळ्या एसएसडीवर (खिशात मावणाऱ्या साठवणीच्या डिस्कवर) प्रत, दोन्ही उघडून तपासायच्या, मगच कार्ड पुसायचे. दोन एसएसडी कधीही एका पिशवीत नाहीत. एक कॅमेऱ्याबरोबर, एक कपड्यांत. लांबच्या प्रवासात मध्येच एखाद्या शहरातून एक भरलेली डिस्क स्पीड पोस्टने घरी पाठवून द्या.

फाइलचे नाव तारीख आणि जागा: २०२६-०२-१४_आगरवाडा_०१, असे. आणि वहीत त्या दिवसाच्या चांगल्या तीन शॉटची नोंद. तीनच. पुढे शेकडो फाइलींच्या ढिगात ही वही तुमचा जीव वाचवते.

दहावी पायरी: घरी आल्यावर

लगेच एडिटिंगला बसू नका, पण मुलाखतींचे लेखन लगेच करा. प्रत्येक मुलाखत शब्दशः उतरवून, मराठी भाषांतर शेजारी, वेळेच्या खुणांसह. मग कागदावर कात्री चालवा. जी वाक्ये नसली तर फिल्म लंगडी पडेल तेवढीच ठेवा आणि त्यांचा क्रम भिंतीवर चिठ्ठ्या चिकटवून लावा. प्रवासाच्या क्रमानेच फिल्म जायला हवी असे नाही. लडाखमधल्या बाईचे उत्तर आगरवाड्याच्या प्रश्नाला लागत असेल तर त्या दोघी शेजारी बसवा. वीस ते तीस मिनिटे हा पहिल्या फिल्मसाठी सोयीचा आकार आहे.

निवेदन मराठीत करा. इंग्रजीत केले तर जास्त लोक बघतील, हा हिशेब खरा असेलही. पण तुमची दैनंदिनी मराठीत आहे, विनोद मराठीत सुचतो, आणि सबटायटल इंग्रजीत देता येतात. बाकीच्यांचे बोलणे त्यांच्याच आवाजात, खाली अक्षरे. आपला आवाज त्यांच्यावर थापू नका.

संगीताच्या बाबतीत सावध. पारंपरिक चाल कुणाच्या मालकीची नसते, पण तुम्ही ध्वनिमुद्रित केलेल्या गायिकेचा तिच्या सादरीकरणावर हक्क असतो. तिचा होकार वेगळा घ्या. चित्रपटगीत पार्श्वभूमीला वाजत असेल तर तो भाग शक्यतो वापरू नका. भारतात गीत-संगीताचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो.

सार्वजनिक चित्रपटगृहात दाखवायला सेन्सॉर मंडळाचे प्रमाणपत्र लागते, महोत्सवांना केंद्राच्या माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळते. माहितीपटांसाठी महोत्सव म्हणजे मुंबईचा मिफ, केरळचा माहितीपट-लघुपट महोत्सव आणि आपल्या दाराशी २००४ पासून भरणारा इफ्फी. नोव्हेंबरात पणजीत चित्रपटांच्या खरेदी-विक्रीचा फिल्म बाजारही असतो. पहिल्या वर्षी तिथे फिल्म विकायला नव्हे, नुसते ऐकायला जा. इफ्फीत प्रतिनिधी म्हणून नोंदणी करून सकाळचे माहितीपट बघा. तिथे संध्याकाळी सिनेतारे बघायला गर्दी असते, सकाळच्या माहितीपटांना सहसा जागा मिळते.

पण महोत्सवाच्या आधी फिल्म त्यात दिसणाऱ्या लोकांकडे गेली पाहिजे. लिंक पाठवून काम झाले असे समजू नका, रणात किंवा त्सो कारला नेट भरवशाचे नसते. पेनड्राइव्हवर घालून पोस्टाने पाठवा किंवा दुभाषी मैत्रिणीच्या हाती द्या. फाइल एमपी४, एच.२६४, १०८०पी, आणि पेनड्राइव्ह एफएटी३२ मध्ये फॉरमॅट केलेला, म्हणजे साध्या टीव्हीच्या यूएसबीलाही चालतो. त्यात एक फाइल चार जीबीच्या आत ठेवावी लागते. सबटायटल वेगळ्या फाइलीत न देता चित्रातच उमटवा, आणि पाकिटात तुमचा फोन नंबर त्यांच्या लिपीत लिहून घाला. काही काढून टाकायला सांगायचे असेल तर त्यांना तुम्ही सापडायला हव्यात. महोत्सवाला शेवटची प्रत पाठवण्याआधी त्यासाठी निदान महिनाभर थांबा.